गुरम्माची सहाण

सोलापुरात शेळगीपासून विजापूर वेशीपर्यंत कुणाच्याही घरात बाळंतीण आली, की तिसऱ्या दिवशी गुरम्माला निरोप जायचाच. बाळ-बाळंतिणीला तेल लावून न्हाऊ घालावं ते गुरम्मानंच. दुसरी कुणी बाई दिसली तर शेजारीण हमखास विचारायची, "का गं, गुरम्मा मिळाली न्हाय व्हय?" सव्वीस वर्षं ती हेच करत होती. तिच्या पायांवर पालथी पडून न्हालेली पोरं आता मोटारसायकलीवरून तिच्या अंगावर चिखल उडवत जायची, आणि ती त्यांना नावानिशी शिव्या घालायची.

तिच्या पिशवीत दोनच चिजा असत. तेलाची बाटली, आणि जुन्या पातळात गुंडाळलेली सहाण. वीतभर लांबीचा काळा दगड, उगाळून उगाळून मध्ये खोलगट झालेला. तिच्या आईनं तो अक्कलकोटच्या बाजारातून आणला होता. बाळाच्या आईच्या दुधात हळकुंड, मुरडशेंग, वेखंड त्यावर उगाळायचं, कशाचे किती वेढे ते बोटांना पाठ, आणि ती गुटी बाळाच्या जिभेवर टेकवायची. न्हाणं एक वेळ दुसरी कुणी घालेल, पण गुटी गुरम्माचीच. त्या दगडाला तिनं आजवर कुणाला हात लावू दिला नव्हता. निदान ती तरी तसं धरून चालली होती.

यंदा तर तिचे पाय जमिनीला लागत नव्हते. तिची लेक दानेश्वरी लग्नानंतर नऊ वर्षांनी वळसंगहून बाळंतपणाला माहेरी आली होती आणि महिन्यापूर्वी तिला मुलगी झाली होती. नऊ वर्षं! दवाखाने झाले, उपास झाले, लोकांची बोलणी ऐकून झाली. दुसऱ्यांची हजार पोरं न्हाऊ घातली, आता घरातलं पोर तिच्या पायांवर होतं. पहाटे बाहेरची घरं करायची, अकराला परत येऊन दगड कोनाड्यात ठेवायचा. आपल्या नातीची गुटी मात्र सगळ्यांच्या आधी, घराबाहेर पडण्यापूर्वी.

घरात आणखी दोन जीव होते. थोरल्या लेकाची अकरा वर्षांची अपेक्षा. तिचे आईबाप पुण्याला कामाला, ती शाळेसाठी आजीजवळ. आणि अपेक्षाचं कासव. जुळे सोलापुरात गुरम्मा एका साहेबांच्या घरी जायची. त्यांची बदली झाली, तेव्हा त्यांनी बिस्किटाएवढं ते कासव प्लॅस्टिकच्या घमेल्यासकट पोरीच्या हवाली केलं. कानांशी लाल पट्टा, अंग गोल, म्हणून नाव पडलं गुंडा. गुरम्मानं खळखळ केली नाही. महादेवाच्या देवळात नंदीच्या पुढ्यात कासव असतंयच की, आपल्या घरी आपणहून आलं तर त्याला नको कशाला म्हणायचं? मागच्या अंगणात, पाण्याच्या पिंपाजवळ घमेलं ठेवलं. तिची ताकीद एकच. "पाणी सांडायचं न्हाय. नळाला पाणी आलं, की मगच त्याचं पाणी बदलायचं."

नळ यायचा पाचव्या दिवशी.

गल्लीतल्या गुलबानोचं बाळ आजारी पडलं तेव्हा सगळ्यांनी पाण्यालाच दोष दिला. सोलापुरात पाण्याला दोष देणं सोपं. पाच-पाच दिवस पिंपात साठवलेलं, त्यात काय पडतं नि काय वाढतं कोण बघतंय! तीन आठवड्यांचं पोर, अंग फणफणलेलं, जुलाबात रक्त. गुलबानो रडत म्हणाली, "मावशी, उकळूनच देत होते की मी पानी. कुटं चुकलं माझं?" गुरम्मानं तिच्या पाठीवरून हात फिरवला. तीन दिवसांनी पलीकडच्या आळीतल्या बसप्पांचा तान्हा नातू तसाच तापला. दोन्ही पोरं दवाखान्यात. दोन्ही पोरं गुरम्माच्या हातची, ही गोष्ट अजून कुणी बोललं नव्हतं.

मग एका मंगळवारी हुस्ना घरी आली. हुस्ना ही पेठेतल्या सरकारी दवाखान्यातली नर्स. हिच्यात आणि गुरम्मात सात वर्षांचं भांडण होतं. "सहा महिने आईच्या दुधाशिवाय बाळाला काय बी देऊ नका," असं हुस्ना घरोघर सांगायची, आणि ती वळली, की गुरम्मा सहाण काढायची.

"मावशी, रागावू नका," हुस्ना म्हणाली. "दोन्ही पोरांच्या तपासणीत एकच जंतू निघालाय. साल्मोनेला म्हणतात त्याला. हा अंड्यातनं येतो, कोंबडीतनं येतो. त्या दोन घरांत सारखी गोष्ट एकच हाय. तुमी."

"माझे हात?" गुरम्माचा आवाज चढला. "सव्वीस वर्षं झाली, माझ्या हाताला नाव ठेवणारी तू पैली!"

हुस्नाची नजर मागच्या दाराबाहेर गेली होती. घमेल्यात गुंडा मान वर काढून बसला होता.

"हे कधीपासनं?"

"दोन महिने झाले. का?"

हुस्ना उंबऱ्यातच बसली. "मावशी, कासव, सरडे, साप, ह्यांच्या अंगावर हाच जंतू असतो. त्यांना काय होत न्हाय. दिसायला स्वच्छ दिसतात. पण त्यांच्या अंगाला, पाण्याला, पाणी लागलेल्या कशालाही हात लागला आन् तो तोंडात गेला, तर लहान पोराची काय गत होते ते मी वॉर्डात बघून आलेय. पाच वर्षांच्या आतलं मूल असलेल्या घरात हे ठेवूच नये. आन् हितं तर तान्हं हाय! कुणाला तरी देऊन टाका. तोवर बाळापासनं लांब ठेवा. ते पाणी मोरीत ओतू नका. त्याला हात लावला, की साबणानं धुवा, नुसतं पाण्यानं न्हाय. आन् गुटी बंद."

"मी त्याला बोट बी लावलेलं न्हाय," गुरम्मा म्हणाली. आणि ते अगदी खरं होतं.

"कुठनं येतंय ते कळलं पायजे मावशी, न्हायतर पुढची पोरं जातील," एवढं बोलून हुस्ना गेली.

गुरम्मा बाहेरून चिडली, पण आतून घाबरली. त्याच दिवशी तिनं घमेलं गच्चीवर नेऊन ठेवायला लावलं. अपेक्षाला दम भरला, की हात घासल्याशिवाय बाळाच्या खोलीत पाऊल टाकायचं नाही. स्वतः कोपरापर्यंत साबण लावू लागली, पिंपातलं पाणी संपलं तर संपलं. कासव घेईल असं घर शोधू लागली, हुस्नानं सांगितलेलं बाकी सगळं केलं. गुटी तेवढी चालू ठेवली. जंतूंचा जमाना आलाय, तर पोराच्या पोटात ताकद नको का? वेखंडाचा एक वेढा वाढवला.

शनिवारी दुपारी बाळ किरकिरू लागलं. पाय पोटाशी घ्यायचं, तोंड लाल करायचं. दूध धरेना. लंगोट बदलायला घेतलं तर हिरवं पाणी, आणि त्याला असा वास, की दानेश्वरीचा हात तिथंच थांबला.

"अव्वा, हे बघ गं."

"पोट धरलंय. थांब, मुरडशेंग चाटवते," म्हणत गुरम्मा उठली. दुपारी गुटी ती कधीच उगाळत नसे. कोनाड्यात हात घातला. पातळाचा तुकडा होता. दगड नव्हता.

"अपेक्षा! माझी सहाण कुटं हाय गं?"

गच्चीवरून आवाज आला, "हितं हाय आज्जी!"

गुरम्मा जिना चढून गेली. वर टळटळीत ऊन होतं. घमेल्यात बोटभर हिरवट पाणी, पाण्याच्या मधोमध तिची सहाण, आणि सहाणेच्या त्या खोलगट जागेत, जिथं सव्वीस वर्षं गुटी उतरत होती, तिथं गुंडा पाय पसरून ऊन खात बसला होता.

"त्याला उन्हात बसायला दगड लागतोय आज्जी," अपेक्षा उत्साहानं सांगू लागली. "साहेबांच्या मुलीनं सांगितलंवतं. हाच बरोबर बसतोय, खोलगट हाय की. तू आलीस की मी नेते आन् सांजच्याला परत ठेवते. रोज."

"धुतीस का गं?" गुरम्मानं विचारलं.

"फडक्यानं पुसते. तूच म्हणलीस ना, पाणी सांडायचं न्हाय."

अय्यो शिवा! गुरम्मा तिथंच कठड्याला टेकली. गुलबानोचं पोर. बसप्पांचा नातू. या आठवड्यातली आणखी चार घरं. आणि आज सकाळी, सगळ्यांच्या आधी, खाली किरकिरणारी नात. एक वेढा जास्तीचा.

तिच्या मनात काय आलं ते लपवण्यात अर्थ नाही. दगड इथून मागच्या नाल्यात भिरकावला, तर कुणाला कळणार होतं? पोर अकरा वर्षांची, दम दिला तर बोलणार नाही. लोक पाण्यालाच दोष देत होते, देत राहिले असते. गुरम्माचं नाव सव्वीस वर्षांचं होतं. ती वाकली, कासवाला फडक्यानं उचलून बाजूला ठेवलं आणि दगड हातात घेतला. खालची बाजू बुळबुळीत होती.

खालून दानेश्वरीची हाक आली. "अव्वा, बाळाचं अंग तापलंय! ये की लवकर!"

दगड घेऊन खाली येत गुरम्मानं अपेक्षाला सांगितलं, "हुस्नाबाईला फोन लाव." आणि फोन कानाला लावून, मध्ये एकदाही न थांबता, तिनं सगळं सांगितलं. दगड, कासव, गुटी, सहाही घरांची नावं. हुस्ना पलीकडून म्हणाली, "दगड पिशवीत बांधून आणा, तपासायला लागंल. घरांना मी कळवते. बाळाला आत्ताच्या आत्ता मोठ्या दवाखान्यात घेऊन या. इतक्या लहान पोराच्या रक्तात गेलं तर मेंदूपर्यंत जातं मावशी. वेळ घालवू नका."

गुरम्मानं दगड पिशवीत बांधून ठेवला आणि हात धुतले. साबण लावून, घासून, दोनदा. मागं वळली तर बाळाला छातीशी धरून दानेश्वरी दारात उभी होती. तिनं फोनवरचं ऐकलं होतं.

"सकाळी दिलीस?"

"दिली."

"हुस्नाबाई नको म्हणली होती तरी?"

गुरम्मानं अपेक्षाला रिक्षा आणायला पिटाळलं.

अपेक्षा रिक्षा घेऊन आली. मायलेकी मागं बसल्या. पिशवीत बांधलेला दगड गुरम्मानं पायाशी ठेवला. रिक्षा खड्ड्यातून उडत निघाली. मघापर्यंत किरकिरणारं बाळ आता अजिबात आवाज करत नव्हतं. डोळे अर्धे मिटलेले. दानेश्वरी त्याचा गाल हलवत होती, नाव अजून ठेवलं नव्हतं म्हणून नुसतं "ए राणी, ए राणी" म्हणत होती.

"मान धर नीट. आण हिकडं, मी घेते," गुरम्मा म्हणाली. तिनं सवयीनं मांडी सारखी केली आणि दोन्ही हात पुढं केले.

दानेश्वरी अंग चोरून रिक्षाच्या दुसऱ्या कडेला सरकली.

"साबणानं धुतलेत गं," गुरम्मा म्हणाली.

दानेश्वरीनं बाळ दिलं नाही.