तिखटाच्या दिवशी राजमा

आमचे थोरले दीर सावळाराम यांनी माळ घातली ती देवासाठी नव्हे, डॉक्टरसाठी. रक्तात चरबी झाली होती. भोरला डॉक्टरनं सांगितलं, मटण बंद करा, नाहीतर एक दिवस छातीत कळ येईल आणि मग मला शिव्या घालू नका. दीर साठीचे, गावात चार माणसं ऐकणारी. डॉक्टरनं मटण तोडलं म्हटलं की लोक म्हणणार, म्हातारा झाला, संपला. तेच माळ घातली म्हटलं की पाया पडतात. दिरांनी विचार केला आणि आळंदीला जाऊन गळ्यात तुळशीची माळ घालून आले. पथ्य तेच, मान वर फुकट.

इथवर कुणाचं काही बिघडलं नव्हतं. पण माणूस एकदा शुद्ध झाला की त्याला एकट्याला शुद्ध राहवत नाही. दिरांनी घरात जाहीर केलं, आजपासून या उंबऱ्याच्या आत अंडंसुद्धा येणार नाही. मुलगा ‘बरं’ म्हणाला आणि कापूरहोळच्या ढाब्यावर जेवून घरी येऊ लागला. सून शेफालीही ‘बरं’ म्हणाली आणि माझ्या स्वयंपाकघरात येऊन ऑम्लेट खाऊ लागली. आमची घरं वेगळी झाली तरी भिंतीला भिंत आणि अंगण एकच, त्यामुळं तिला पायात चप्पलही घालावी लागत नसे. राहिल्या त्या माझ्या थोरल्या जाऊबाई, अंबूबाई. त्यांना कुणी काही विचारलंच नाही. नवऱ्यानं माळ घातली म्हणजे बायकोच्या जिभेलाही आपोआप लागू झाली, असंच सगळ्यांनी धरलं.

आता ह्यात खरं दुखणं कुठं होतं ते सांगते. आमच्या गावाला भैरवनाथाची जत्रा दोन दिवसांची. पहिला दिवस गोडाचा, पुरणपोळीचा, तो देवाचा. दुसरा तिखटाचा, म्हणजे मटणाचा, तो पाहुण्यांचा. खरी जत्रा दुसऱ्या दिवशीच असते, पहिल्या दिवशी नुसती तयारी. कुणाच्या दारात किती पंगती उठल्या यावर घराचं नाव ठरतं. अंबूबाई लग्न होऊन आल्यापासून तिखटाची पंगत बसावी ती त्यांच्याच दारात. मटण माझ्याही घरी व्हायचं, पण माझ्याकडं यायचे ते तिकडं जागा न मिळालेले.

दिरांच्या गळ्यात माळ पडल्यावर पहिल्या जत्रेला अंबूबाईंनी बटाट्याची भाजी, वरणभात आणि शिरा केला. पाहुणे आले, रामराम केला, पाणी प्याले, ‘पोट भरलंय’ म्हणाले आणि अंगण ओलांडून माझ्या दारात बसले. मी वाढलं. दारात आलेल्याला नाही म्हणायची आमच्यात रीत नाही. आणि मला आनंद झाला नाही असं सांगितलं तर भैरवनाथ मला बघून घेईल.

पण त्या पाहुण्यांत अंबूबाईंचा सख्खा भाऊ ज्ञानू होता, गुंजवण्याचा. त्यानं बहिणीच्या शिऱ्याला नुसतं बोट लावलं, पोट बिघडल्याचं सोंग केलं आणि मागच्या बाजूनं माझ्याकडं आला. भिंतीपलीकडं मोरीत भांडी घासताना अंबूबाईंनी भावाचा आवाज ऐकला, ‘ताई, वाईच रस्सा वाढा अजून.’ नवरा वाटेल ते बोलला तरी बाई ऐकून घेते. पण जत्रेला आलेला भाऊ तिच्या दारातून उपाशी उठून जावेच्या दारात जेवला, की ते काळजात रुततं. त्या कुणाला काही बोलल्या नाहीत. ते मला जास्त झोंबलं. भांडल्या असत्या तर मी दोन शब्द परत दिले असते.

यंदा जत्रा जवळ आली तसं त्यांनी शेफालीला सांगितलं, ‘औंदा ज्ञानूनं माझ्या दारात दोन वाट्या खाल्ल्या पायजेत. काय करायचं ते तू बघ, तुझ्या मोबाईलमदी लई काय काय असतंय.’

शेफाली पुण्यातल्या धनकवडीची पोरगी. तिनं मोबाईल पुढं धरला. ‘आई, ही चिली. राजम्याची. तिकडं परदेशात करतात, झणझणीत. मटण घालूनही करतात आणि न घालताही.’

मोबाईलमध्ये एक दाढीवाला गोरा गडी टोपी घालून भलं मोठं पातेलं ढवळत होता. राजमा, टोमॅटो, ढोबळी मिरची, मक्याचे दाणे, जिरं. शेवटी त्यानं त्यात चॉकलेटची वडी टाकली. अंबूबाई बराच वेळ बघत राहिल्या. मग म्हणाल्या, ‘ह्याच्या बायकूनं ह्याला घराबाहीर काढलाय का गं?’

तरी त्यांनी मनावर घेतलं. भोरच्या बाजारातून राजमा आला, घरचा काळा घेवडा होताच. पहिल्या खेपेला अंबूबाईंनी शेफालीचं न ऐकता राजमा न भिजवताच चुलीवर चढवला. ‘जाळ चांगला असला की दगूड बी शिजतो,’ म्हणाल्या. दगड शिजला असता, राजमा शिजला नाही. चव बघायला मला बोलावलं होतं, माझी दाढ अजून दुखते. दुसऱ्या खेपेला शेफालीनं आदल्या रात्री भिजवून, चांगला उकळून मऊ केला, पण तिखट मोबाईलच्या मापानं घातलं. ते दिरांनी आवडीनं खाल्लं, यावरूनच काय ते समजा. मग दोघी शहाण्या झाल्या. भिजवणं आणि शिजवणं सुनेचं, चव सासूची, असं ठरलं आणि चॉकलेट दोघींच्या मतानं बाद झालं.

जत्रेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी अंगणात तीन दगडांची चूल मांडली. अंबूबाईंनी आख्खे कांदे निखाऱ्यात भाजले, सुकं खोबरं जाळावर काळं होईतो धरलं, लसूण सालीसकट ठेचला. तेलात घरचं काळं तिखट पडलं तशी मी माझ्या दारात शिंकले आणि माझ्या चुलीवरचं मटण एकदम मुकं झालं. टोमॅटो आटला, राजमा आणि घेवडा पडला, मक्याचे दाणे पडले, वर तेलाचा लाल तवंग आला. शेफाली म्हणत होती, ‘आई, मंद जाळावर ठेवू, दाटसर झाली पाहिजे.’ अंबूबाई म्हणाल्या, ‘रस्सा ठेव थोडा. माझा भाऊ भाकर चुरून खातो.’ तांदळाच्या भाकरीची चळत तयार झाली. मला खरंच भीती वाटली की यंदा माझ्या दारात कावळासुद्धा बसणार नाही.

ज्ञानूचा फोन आला, टेम्पो निघालाय, पण जत्रेची गर्दी आहे, वेळ लागेल. अंबूबाई म्हणाल्या, ‘येऊ दे निवांत. पातेलं काय पळून जात न्हाई.’

पण पातेलं ज्यांच्या घरचं होतं ते सावळाराम देवळात बसले होते. तिखटाच्या दिवशी गावातल्या माळकऱ्यांचे फार हाल. स्वतःच्याच घरात पोरं, सुना, पाहुणे मटण चापतात, आणि ही बिचारी माणसं देवळाच्या ओवरीत चुरमुरे खात टाळ पुसत बसतात. दिरांना त्यांचा कळवळा आला. की आपलं घर कसं शुद्ध आहे हे दाखवायची हुक्की आली, कोण जाणे. त्यांनी भजनी मंडळाच्या रखमाजीबुवांना हात जोडले आणि म्हणाले, आज समद्यांनी माझ्याकडं यायचं. घरी विचारायची गरज त्यांना वाटली नाही. घरी विचारण्यासारखं कोण होतं?

मंडळ आलं. रखमाजीबुवा पुढं, गंध लावलेले, धोतर इस्त्रीचं. अंगणाच्या तोंडाशी पोचले आणि थबकले. नाक वर केलं. मागचे सगळे थबकले.

‘सावळाराम,’ बुवा हळूच म्हणाले, ‘हा वास कसला?’

‘राजम्याचा, बुवा.’

‘राजम्याला असा वास येत न्हाई.’

दिरांच्या तोंडचं पाणी पळालं. माळ घातल्यापासून मिळवलेला सगळा मान त्या पातेल्यात बुडायची वेळ आली होती. ते अंबूबाईंवर खेकसले, ‘अगं झाकण काढ, बुवांना दाखीव.’ अंबूबाईंनी झाकण काढलं, पळी घातली, राजमा वर आणून दाखवला. बुवांनी वाकून पाहिलं. डोळ्यांना पटलं, नाकाला पटेना.

‘खात्री केलेली बरी,’ बुवा म्हणाले. ‘उगं कुणाच्या मनात किंतू नको.’

वाटी आली. बुवांनी एक घास खाल्ला. डोळे मिटले. कपाळावरचं गंध घामानं ओघळलं तरी बोलेनात. मग म्हणाले, ‘अजून वाईच वाढ. नीट कळंना.’ दुसऱ्या वाटीनंही कळेना. मग मंडळातल्या प्रत्येकाला खात्री करून घ्यावीशी वाटली. पंगतच बसली, माझ्याकडं यायचे पाहुणेही वासानं तिथंच टेकले. भाकऱ्या चुरल्या, नाकं वाहू लागली, कुणी कुणाशी बोलेना. एका म्हाताऱ्या माळकऱ्याचा हात वाटीच्या तळाशी काहीतरी चाचपत होता. मी जवळ जाऊन विचारलं, ‘आजोबा, काय शोधताय?’ ते दचकले, ‘काय न्हाई, काय न्हाई’ म्हणाले आणि हात वर घेतला. मटणातली नळी शोधत होते. किती वर्षांची सवय हो ती, तुळशीच्या मण्यांनी थोडीच जाते.

अंबूबाई वाढत होत्या. दोनदा त्या दिरांजवळ गेल्या. ‘अवो, ज्ञानूपुरतं ठेवायला पायजे.’ दीर दुसरीकडंच बघत मोठ्यानं म्हणाले, ‘वाढ, वाढ, संतांच्या ताटात हात आखडायचा न्हाई.’ शेवटची पळी बुवांच्या वाटीत पडली. बुवांनी भाकरीच्या तुकड्यानं पातेलं पुसून घेतलं आणि निकाल दिला, ‘शाकाहारीच हाय.’

‘म्याच सांगितलं व्हतं हिला, असं कर म्हणून,’ दीर म्हणाले. चुलीपाशी उभ्या शेफालीनं सासूकडं बघितलं. सासू रिकाम्या पातेल्याकडं बघत होती.

तेवढ्यात ज्ञानू आला. नवा सदरा, हातात बहिणीसाठी पेढ्यांचा पुडा. दिरांनी त्याचं आनंदानं स्वागत केलं. ‘ज्ञानू, वाईच उशीर केलास बघ. बुवांनी सोता पातेलं पुसलं. आपल्या घराचं लई नाव झालं आज. हितं प्रसादाची केळी हाईत, बस, खा.’

‘असू द्या दाजी,’ ज्ञानू म्हणाला, ‘पोट भरलंय.’ आणि त्याची नजर माझ्या दाराकडं गेली.

अंबूबाईंनी ती नजर पाहिली. मी पण पाहिली आणि मला भावाचा राग आला, दिरांचा आला, त्या ढेकर देणाऱ्या मंडळाचा तर फारच आला. सकाळपासून चुलीपुढं भाजलेल्या बाईला कुणी एक ‘छान झालंय’ म्हटलं नव्हतं. सगळ्यांनी फक्त खात्री केली होती.

अंबूबाईंनी पळी खाली ठेवली, हात धुतले, पदराला पुसले. मला म्हणाल्या, ‘नूतन, तुझ्याकडं हाय का शिल्लक?’

‘लई हाय, बाई,’ मी म्हटलं. ‘आज सगळी तुमच्याच दारात व्हती.’

‘चल रं,’ त्या ज्ञानूला म्हणाल्या आणि मनगट धरून त्याला अंगणातून पुढच्या बाजूनं माझ्या ओट्यावर घेऊन आल्या. त्याला बसवलं. माझ्या मटणाच्या पातेल्यात पळी घालून जिभेवर थेंब घेतला, ‘उगं आपलं’ म्हणाल्या आणि मला न विचारता माझ्याच डब्यातलं तिखट घालून जाळ वाढवला. दुसऱ्या कुणी केलं असतं तर मी पळी हिसकावली असती. मग त्यांनी दोन ताटं मांडली. एक ज्ञानूपुढं, दुसरं त्याच्या शेजारी, आणि त्यावर स्वतः बसल्या.

अंगणातल्या सगळ्या मंडळाच्या माना माझ्या ओट्याकडं वळल्या. रखमाजीबुवा घसा खाकरून म्हणाले, ‘अंबूबाई, माळकऱ्याच्या घरची लक्ष्मी तुमी.’

‘माळ त्यांच्या गळ्यात हाय, बुवा,’ अंबूबाई म्हणाल्या. ‘माझा गळा मोकळा हाय.’

त्यांनी भाकरी मोडली, रस्सा ओढला, नळी उचलली आणि सावकाश चोखली. ज्ञानू मान खाली घालून जेवत होता. दीर तांबडेलाल होऊन माझ्या ओट्याच्या पायरीपर्यंत आले आणि दबक्या आवाजात म्हणाले, ‘अगं, लोक बघत्यात.’

अंबूबाईंनी नळी ताटात ठेवली आणि भावाच्या वाटीत दुसऱ्यांदा रस्सा ओतला.

‘बघू द्या की,’ त्या म्हणाल्या. ‘माळ घातल्यापासनं म्या बी नुसतं बघतच व्हते.’