पहिला घोट घरच्याचा

डाळिंबाचा रस गाळून वैशालीने दोन काचेच्या जगांत सारखा ओतला. वर मोसंबीचा रस, आलं, गुळाचा पाक, सफरचंदाचे बारीक तुकडे. दसरा नुकताच होऊन गेला होता, बाजारात डाळिंबं चांगली आली होती, आणि तिच्या नणंदेने, भाविकाने, मोबाइलवर कॉकटेलचे व्हिडिओ शोधून दिले होते. त्या व्हिडिओंतल्या बायका हसत हसत पाहुण्यांसाठी ग्लास सजवत होत्या. इथे हसण्यासारखं काही नव्हतं. तासाभरात राहनाळहून भाविकाला मागणी घालायला पाहुणे येणार होते.

तिने रमची बाटली उघडली. बाटली कालपासून शेजारच्यांकडे ठेवली होती, कारण या घरात मितेश राहत होता. तिचा नवरा होळीनंतर तीन महिने व्यसनमुक्ती केंद्रात काढून आला होता. त्याआधी तो कसा होता ते अख्ख्या वडपे गावाने पाहिलं होतं. राहनाळच्या माणसांना मात्र काही ठाऊक नव्हतं आणि होऊही नये, म्हणून सासूने, ठकुबाईने, जो भेटेल त्याला 'पोरगा गोदामाच्या कामासाठी पुण्याला गेलाय' असं सांगून ते तीन महिने निभावून नेले होते.

"सोयरीक ठरतेय आन् समोर काय ठेवलं न्हाय, असं कसं चालंल?" ठकुबाईने आठवडाभर धोशा लावला होता. "आन् घरचा करता पुरुष हात आखडून बसला तर लोक इचारणार न्हायत? पोरीचं लग्न मोडायचं हाय का तुला?"

मग वैशालीनेच डोकं चालवलं. साध्या ग्लासात कुणाची दारू आणि कुणाचं सरबत ते कुणीही सांगेल. पण डाळिंबाच्या लालभडक रसात रम रंगानेही लपते आणि आल्यामुळे वासानेही. एका जगात रम घालायची, दुसऱ्यात नाही. रमवाल्या जगात दालचिनीची लांब काडी ठेवायची, म्हणजे आपल्याला खूण राहील. पाहुण्यांना काडीच्या जगातलं, मितेशला दुसऱ्यातलं. सगळे एकाच रंगाचं पितील आणि कुणाला काही विचारावंसं वाटणार नाही.

मितेशला तिने हा बेत सांगितला तेव्हा तो गालात हसला होता. "कशाला एवढा खटाटोप? मला आता नाय काय वाटत." हे 'नाय काय वाटत' तिने पूर्वीही ऐकलं होतं, त्याने मुलांच्या डोक्यावर हात ठेवून म्हटलेलं ऐकलं होतं. तो केंद्रातून आल्यापासून ती रोज त्याच्या श्वासाचा वास घेऊनच झोपत होती. त्याला हे कळत होतं. संसार म्हणजे पहारा झाला होता नुसता.

पाहुणे वेळेवर आले. मुलाचे वडील केसरीनाथ, अंगाने भरलेले, आवाजाने भारी. ट्रकचा धंदा, बोलणं तोडून टाकल्यासारखं. सोबत त्यांची बायको, अबोल, पण नजर सगळीकडे फिरणारी. त्यांचा मुलगा विशाल आधीच भाविकाला पाहून गेला होता आणि पोरांचं पोरांनी ठरवलंही होतं. आता फक्त थोरांचा शब्द व्हायचा होता. अर्धा तास शेतीच्या, ट्रकच्या, हायवेवरच्या खड्ड्यांच्या गप्पा झाल्या आणि केसरीनाथांनी मांडीवर थाप मारली.

"मंग? आमची ना न्हाय. तुमची?"

"आमची कशी असंल?" ठकुबाईने पदराने डोळे टिपले. "वैशाली, ग्लास आण गं."

वैशालीने ट्रेमध्ये ग्लास मांडायला घेतले, तेवढ्यात बाहेरच्या खोलीतून केसरीनाथांचा आवाज आला. "एकच आणा, सूनबाय. आमच्यात सोयरीक एकाच ग्लासातनं होते. घरचा करता आधी वाडवडलांच्या नावानं धार सोडतो, पहिला घोट घेतो आन् तोच ग्लास सोयऱ्याच्या हातात देतो. माझ्या गेलेल्या बहिणीच्या येळेला ह्याच घरात तुमच्या मालकानं, नवशानं, दिलेला मला. तुमाला ठाव असंलच, ठकुबाय."

वैशालीच्या हातातला ट्रे कलंडता कलंडता राहिला. तिचं माहेर वज्रेश्वरीकडचं, तिथे जो तो आपापल्या ग्लासातून पितो. या घरात आल्यापासून एकही सोयरीक झाली नव्हती. पापड किती तळायचे यावरून घर डोक्यावर घेणाऱ्या सासूने नेमकी हीच रीत सांगितली नव्हती. सांगायचं काय त्यात, ती तर जगाला माहीत, असंच ठकुबाई धरून चालली असणार. बाईच्या पोटात कपट नव्हतं. पण आता त्याचा काय उपयोग?

ठकुबाई लगबगीने आत आली आणि तिने दार लोटून घेतलं. 

"माझ्या ध्यानातच न्हाय आलं गं. काडीच्या जगातला भर."

"आई, तो पिईल मग."

"एक घोट. तेवढ्यानं काय व्हतंय?"

"मामंजींचं काय झालं होतं?"

हे बोलायला नको होतं. नवशाला ठाण्याच्या हॉस्पिटलात शेवटचं पाणी ठकुबाईनेच पाजलं होतं. त्याचं पोट माठासारखं फुगलं होतं आणि डोळे हळदीसारखे पिवळे झाले होते. म्हातारीने ओट्याला टेकून डोळे मिटले. मागच्या दाराशी भाविका उभी होती, नव्या साडीत, नखं कुरतडत.  पोरीचा काय दोष होता?

"आई, मला करू द्या," वैशाली म्हणाली. तिने काडीचा जग मागे सारला आणि दुसऱ्यातून ग्लास भरला. केसरीनाथांना चव कळलीच तर आपण रम घालायला विसरलो असं सांगायचं. वेंधळी सून म्हणून दोन दिवस हसतील. हसू देत.

मितेशने तिच्या हातातून ग्लास घेतला, पण तिच्याकडे पाहिलं नाही. ग्लास केसरीनाथांकडे जाणार म्हणजे त्यात रम असणारच, हे त्याने गृहीत धरलंय हे तिला दिसत होतं. खूण करावी तर समोर केसरीनाथांची बायको टक लावून बसलेली. मितेश उठून उंबऱ्यापाशी गेला, बारीक धार बाहेर सोडली आणि वडिलांचं, आज्याचं नाव घेतलं. "नवशा दामू."  वैशालीने मनात म्हटलं, आता नुसता ओठाला लावेल. लावल्यासारखं करेल आणि पुढे देईल. एवढं केंद्रात शिकवतात त्यांना.

त्याने डोळे मिटले आणि ग्लास उचलला. घोट कसला, तो पीतच राहिला. गळ्याची घाटी वरखाली होत राहिली, अर्धा ग्लास संपला तेव्हा कुठे थांबला. मग त्याने डोळे उघडले.

सुटकेचं एखादं चिन्ह वैशाली त्याच्या चेहऱ्यावर शोधत होती. तिथे सुटका नव्हती. फसवल्यासारखा भाव होता, तहानेल्याच्या तोंडचं पाणी काढून घेतल्यासारखा. मग त्याने तिच्याकडे पाहिलं आणि तिने पाहिलंय हे त्याला कळलं.  दारूपासून तिने त्याला वाचवलं होतं, आणि तो वाचला नव्हता.

ग्लास केसरीनाथांकडे गेला. त्यांनी एक घोट घेतला, तोंडात फिरवला, ग्लास उजेडात धरला आणि पुन्हा एक घोट घेतला. 

"सूनबाय, ह्यात काय न्हाय."

"विसरले मी," वैशाली घाईने म्हणाली. "गडबडीत घालायचीच राहिली."

"ती विसरली न्हाय," मितेश म्हणाला.

"मितेश, गप ऱ्हा," ठकुबाई कुजबुजली.

"गप राहून काय करू, आई?" तो उभाच होता. "काका, मी पुण्याला नव्हतो. केंद्रात होतो, दारू सोडवायला. हिनं माझ्यासाठी बिनदारूचं केलं. पण ते मला माहीत नव्हतं. मी दारू समजूनच प्यालो."

ठकुबाईने कपाळाला हात लावला. आत भाविकाचा हुंदका ऐकू आला.  केसरीनाथांनी मितेशला सोडून वैशालीकडे नजर वळवली.

"खोटं कशाला सांगू, माझा जीव मागं व्हतोय. पन पोराचं मन तुमच्या पोरीवर बसलंय. तू ह्याची बायको. ह्याच्यासाठी जामीन ऱ्हाशील? तू हो म्हण, मी उठत न्हाय."

'हो' म्हणायला काय लागतं? एक अक्षर. त्या एका अक्षरावर भाविकाचं लग्न होतं, सासूची लाज होती, गावातलं नाव होतं. सासू पदर तोंडाशी धरून तिच्याकडे बघत होती. वैशालीने मितेशकडे पाहिलं. त्याची मान खाली होती.

"नाही," ती म्हणाली.  "उद्या हा पिणार नाही असं मी कुणालाच सांगू शकत नाही, काका. मघाशी मला वाटलं, नुसता ओठाला लावेल. नाही लावला. पण आजवर हा पिऊन आला की खोटंच बोलायचा, मी हुडकून काढायचे. आज मी खोटं बोलत होते आणि ह्यानं खरं सांगितलं. असं आमच्या घरात पहिल्यांदा झालं. मला एवढंच माहीत आहे."

केसरीनाथांनी बायकोकडे पाहिलं. आल्यापासून तिने तोंड उघडलं नव्हतं. तिने नवऱ्याच्या हातातला ग्लास काढून घेतला, उरलेलं सावकाश पिऊन टाकलं आणि रिकामा ग्लास ठकुबाईच्या हातात दिला.

"जेवाला वाढ, बाय," ती वैशालीला म्हणाली. "बाकीचं जेवताना बोलू."

वैशाली आत गेली.  तिने भाकऱ्यांची टोपली उघडली, वाट्या मांडल्या, आणि मागे मितेशची चाहूल लागली म्हणून वळली. तो स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेर थांबला होता, चौकट घट्ट धरून.

"आत ये ना, ताटं ने."

"तो काडीचा जग आत आहे तोवर नाय येत," तो म्हणाला. "तू दे, मी इथून घेतो."

तिने एकेक ताट उंबऱ्यावरून त्याच्या हातात दिलं. रडू आवरत नव्हतं आणि तिने ते आवरलंही नाही.