रेघेच्या अलीकडचा बाक

मी बाक बोलतोय. शाळेतला नव्हे बरं का. शाळेतला असतो तर पाढे तरी कानावर पडले असते आणि ही गोष्ट मी तुम्हाला आकडेमोडीसकट सांगितली असती. मी शिंप्याच्या दुकानातला बाक. माझ्यावर बसून लोकांनी कपड्यांची वाट पाहिली, तेवढंच माझं शिक्षण.

सुतारानं मला कुणाच्या तरी दाराच्या उरलेल्या फळ्यांतून केलं. म्हणजे मी थोडासा दारच आहे म्हणा ना. आतलं कोण, बाहेरचं कोण, हा विचार माझ्या लाकडातच आहे.

आमच्या शिंप्याला सगळे मास्तर म्हणत. दुकान अरुंद, दिवसाही ट्यूबलाइट लावावी लागे. गिऱ्हाईक माझ्यावर बसून विचारायचं, "मास्तर, उद्या नक्की ना?" मास्तर म्हणायचे, "उद्या म्हणजे उद्या." तो उद्या कधी उजाडायचा ते दोघांनाही ठाऊक असायचं, त्यामुळे भांडण होत नसे.

पण एका बाबतीत मास्तर फार कडक. दुसऱ्याचं कापड म्हणजे त्यांना विस्तव. उरलेली चिंधीसुद्धा सदऱ्याच्या खिशात घालून परत द्यायचे. एक गिऱ्हाईक कोट शिवायला टाकून गेलं ते गेलंच. कोट खुंटीवर वर्षानुवर्षं लटकला. थंडीत मास्तर त्याच्याखाली कुडकुडत बसत, पण अंगाला लावला नाही. म्हणत, "येईल तो. कोट त्याचा आहे, खुंटी तेवढी माझी."

पुढे मास्तरांचे गुडघे पायमशीनला कंटाळले. त्याच सुमारास मुलानं आणि सुनेनं घर घ्यायचं ठरवलं. दुकान विकून आलेले पैसे रोख भरले, बाकीचे वीस वर्षांच्या बोलीनं बँकेनं दिले. नव्या घरात मास्तरांबरोबर एक कात्री, एक टेप, निळ्या खडूंची डबी आणि मी, एवढे आलो.

दारातून आत गेलं की एक चिंचोळा बोळ, त्यात न्हाणीघर आणि संडास. बोळ संपला की बाहेरची खोली, तिच्या पार टोकाला मोठी खिडकी. खिडकीतून उन्हाचा असा पट्टा आत आलेला, की मास्तर बघतच राहिले. जन्म ट्यूबलाइटखाली गेलेला माणूस तो.

मुलगा हसत म्हणाला, "बाबा, एवढं काय बघताय? घर बँकेचं आहे. आपले फक्त हप्ते."

उचलली जीभ अन् लावली टाळ्याला. मास्तरांचा एक पाय हवेतच राहिला.

"बँकेचं? मग मी आलो तर चालेल का, ते विचारलंस का तिला?"

"अहो बाबा, गंमत केली."

पण मास्तरांच्या डोक्यात खुंटीवरचा कोट हलला होता. त्यांनी टेप काढली आणि घराचं माप घेतलं, माणसाचं घ्यावं तसं. रोख पैशांत किती घर आलं, हे मुलाकडून मोबाइलवर करून घेतलं. न्हाणीघर, संडास आणि बोळ, एवढं आपलं निघालं. बोळ संपतो तिथं मास्तरांनी निळ्या खडूनं रेघ मारली. "याच्या पलीकडे बँक," म्हणाले, "अलीकडे आपण."

तुम्ही हसाल. सूनबाईही हसली. पण मास्तरांनी मला बोळाच्या तोंडाशी, रेघेला लागून ठेवलं, गादी बोळात घालून झोपू लागले, जेवायचं ताट बोळात मागू लागले. कधी रेघ ओलांडायची वेळ आलीच तर कुणीही नसलेल्या दिशेला बघून "येतो हं जरा" म्हणायचे. पाहुण्यांनी सोफ्यावर बोलावलं की सांगायचे, "सोफा आमचाच आहे हो, पण तो उभा आहे ती जागा..."

मुलाचा हिशोब सरळ होता. वीस वर्षं हप्ते, म्हणजे वर्षाला विसावा हिस्सा आपला. मास्तरांना पटलं. वर्ष झालं की ते रेघ पुसायचे, पुढे मारायचे आणि मला रेघेपर्यंत सरकवायचे. चार वर्षांत आम्ही खोलीत बरेच आत पोचलो. सकाळचं ऊन माझ्या पुढच्या दोन पायांपर्यंत यायचं आणि मास्तर आपली पावलं त्यात ठेवायचे. "अजून थोडी वर्षं," मला थोपटून म्हणायचे, "मग खिडकी."

एवढ्यावर थांबले असते तर मास्तर कसले! त्यांना पावती हवी होती. सूनबाईला घेऊन बँकेत गेले. तिथं मी नव्हतो, पण संध्याकाळी सूनबाईनं नवऱ्याला सगळं सांगितलं ते माझ्याच शेजारी उभं राहून.

मास्तर खिडकीतल्या बाईंना म्हणाले, "कर्जाचा पाचवा हिस्सा फिटला. तेवढ्याची पावती द्या, म्हणजे निर्धास्त बसता येईल."

बाईंनी कॉम्प्युटरमध्ये पाहिलं. "आजोबा, पाचवा नाही. अकरावा हिस्सा फिटलाय."

"चार वर्षं भरतोय बाई. एक हप्ता चुकला नाही."

"चुकला नाहीच. पण हप्त्यातून आधी व्याज जातं. सुरुवातीला पाऊण हिश्शाहून जास्त व्याजच असतं. उरेल ते मुद्दलात."

मास्तरांनी विचार केला. "म्हणजे मी दहा वार कापड आणून दिलं, तर आठ वार तुम्ही ठेवून घेणार आणि दोन वारात माझा सदरा?"

"तसंच म्हणा. पुढे पुढे सदरा मोठा होत जातो."

"आणि सगळं मिळून कापड किती लागणार?"

"जेवढं घेतलंत त्याच्या दुपटीहून थोडं जास्त."

"एक घर राहायला, एक घर तुम्हाला," मास्तर म्हणाले. रागानं नव्हे, लांबी-रुंदी लिहून घ्यावी तसं. "मग आम्ही चुकून तुमच्या जागेत बसलो, त्याचं भाडं किती?"

बाई गोंधळल्या. "आजोबा, घर तुमच्याच नावावर आहे, आमच्याकडे फक्त तारण आहे. कुठंही बसा. आणि भाडं म्हणाल तर... ते तुम्ही देताय की. त्यालाच व्याज म्हणतात."

घरी येऊन मास्तरांनी रेघ पुसली, बरीच मागे नवी मारली आणि मला तिथवर ओढायला लागले. ओढताना माझे पाय फरशीवर असे करकरले की मुलगा आतून धावत आला.

"बाबा, बाक मागे कशाला?"

"आपण परक्याच्या जागेत बसलो होतो रे. नकळत."

बोळाच्या तोंडापासून जेमतेम माझ्या लांबीएवढं अंतर आम्ही चार वर्षांत चाललो होतो. ऊन पार लांब राहिलं. सूनबाईनं अकराव्या हिश्शाचं सांगितलं तेव्हा मुलगा धपकन माझ्यावर बसला. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा.

"दरवर्षी बँकेचा कागद येतो," तो म्हणाला.

"मग?" सूनबाई म्हणाली.

"फाइलला लावतो."

"वाचून?"

तो नखानं माझी फळी खरवडू लागला.

आता सूनबाईचं सांगतो. तिची उंची चांगली आणि स्वयंपाकघरातला ओटा बुटका. रोज वाकून वाकून तिची कंबर धरायची. बिचारी कुरकुर करत नसे, पण माझ्यावर टेकली की तोंडातून "आई गं" निघायचं. मुलाला ते दिसत होतं. म्हणून त्यानं कर्जाच्या एजंटाला गाठलं. एजंट म्हणाला, सोपं आहे. ओट्यासाठी वाढीव कर्ज घ्या, मुदत दहा वर्षं लांबवा, हप्ता उलट आहे त्याहून कमी होईल. रविवारी सह्या करायच्या ठरल्या.

मुलगा खूश होता. "बघा बाबा, ओटाही नवा आणि महिन्याला पैसेही वाचतात."

मास्तरांनी एवढंच विचारलं, "सही झाल्यावर रेघ कुठं येईल?"

"रेघ असेल तिथंच राहील हो."

मास्तरांनी नुसती मान हलवली. मग सूनबाईकडून नंबर लावून घेऊन बँकेतल्या बाईंशी बराच वेळ बोलले. आम्हाला कुणालाच काही सांगितलं नाही.

रविवारी सकाळी त्यांनी मला दाराबाहेर ओढलं. जिन्यासमोरच्या मोकळ्या जागेत भिंतीला लावून ठेवलं. उशी आणली, पाण्याची बाटली आणली, टेप गळ्यात घातली आणि बसले.

समोरच्या घरातल्या काकू दूध घ्यायला बाहेर आल्या. "अगं बाई! काय हो मास्तर, घरातून काढलं की काय?"

"अजून नाही. आज काढतील."

मुलगा बाहेर आला तो कानापर्यंत लाल. "बाबा, आत चला बघू. लोक काय म्हणतील?"

"लोकांना बसायला जागा आहे की बाकावर," मास्तर म्हणाले.

तेवढ्यात एजंट जिना चढून आला. कडक इस्त्रीची पँट, हातात बॅग. "नमस्कार आजोबा! बाहेर बसलात? किल्ली विसरलात का?"

"नाही हो. तुम्ही सह्या घेतल्यात की मला इथंच यायचंय. म्हटलं, आधी जागा धरून ठेवावी."

एजंटानं मुलाकडे पाहिलं, मुलानं जिन्याकडे. सूनबाई मात्र मास्तरांकडे बघत होती. तिनं खडूची डबी आणली आणि एजंटापुढे धरली.

"सही करते. आधी रेघ मारून दाखवा. सही झाल्यावर आमचं घर कुठपर्यंत?"

"मॅडम, असं कोणी मोजत नाही."

"तुम्ही मोजा ना."

एजंट मोबाइलमध्ये बोटं चालवत राहिला. मग गुडघ्यांवर बसून आत सरकू लागला. जुन्या रेघेपाशी पोचला, थांबला, पुन्हा मोबाइल बघितला, आणि मागे येऊ लागला. माझ्या जागेवरून मागे, बोळाच्या तोंडाच्याही मागे. रोख पैशांत घेतलेल्या बोळातली खोलीकडची पहिली फरशी त्यानं निळ्या रेघेनं बँकेला देऊन टाकली.

"म्हणजे चार वर्षं भरून आम्ही पहिल्याहून मागे?" मुलानं विचारलं.

"थोडंसंच, साहेब. वाढीव कर्ज धरलं ना."

"आणि बाक बोळात आणखी मागे घेतला तर न्हाणीघराचं दार उघडत नाही," मास्तर बाहेरून म्हणाले. "मी मापून बघितलंय. म्हणून इथं."

"वर्षभर भरल्यावर रेघ किती पुढे जाईल?" सूनबाईनं विचारलं.

एजंटानं वीत पसरून दाखवली. "सुरुवातीला. हप्ता कमी आहे ना, मग मुद्दलात कमीच जाणार."

"दहा वारांतले आता नऊ," मास्तर पुटपुटले. "आणि सगळं मिळून कापड जवळजवळ तिप्पट. बाईंनी सांगितलंय."

मुलगा रेघेकडे बघत उभा राहिला. "शेवटचा हप्ता येईल तेव्हा मी निवृत्त होऊनही बरीच वर्षं झालेली असतील," तो हळूच म्हणाला. "तेव्हा या बाकावर मी बसलेला असेन. बाहेर."

सूनबाईनं पेनाला टोपण लावलं. "मला ओटा नको."

"ओटा पाहिजेच," मास्तर उठत म्हणाले. "नवा कशाला? आहे तोच उचलून घेऊ. ये, कोपरापर्यंतचं माप देऊन जा." त्यांनी तिथंच जिन्यासमोर तिचं माप घेतलं. पुढच्या आठवड्यात गवंड्यानं ओटा चार बोटं वर केला. खर्च आला तो महिन्याच्या हप्त्याहूनही कमी.

पण त्या रविवारची गोष्ट अजून राहिलीच. एजंट उठायला गेला आणि पँटची शिवण टर्रकन उसवली. नको तिथं. बॅग मागे धरून तो भिंतीला चिकटून उभा राहिला. मास्तरांनी त्याला सूनबाईची ओढणी गुंडाळायला दिली, पँट घेतली आणि माझ्यावर बसून दुहेरी टाका घातला.

"किती झाले, आजोबा?"

"द्याल ते द्या. मुद्दलात जातील."

तिथून सगळं सुरू झालं. जिन्यावरून येणारे-जाणारे बटण, हुक, उंची कमी करायला कपडे देऊ लागले. मास्तर हातानं शिवायचे. मिळेल ते, आणि मुलगा बाजूला टाकेल ते, हप्त्याच्या वर बँकेत थेट मुद्दलात जायचं. बाई ओळखून विचारायच्या, "आजोबा, आज किती फरश्या?" रेघ हळूहळू पाय उचलू लागली. मुलगा आता कागद फाइलला लावण्याआधी वाचतो, आणि रेघ तोच मारतो. त्याला ती सरळ मारता येत नाही, हे मास्तरांचं मोठं दुःख.

आणि एका वर्षी आम्ही खिडकीशी पोचलो.

काय सांगू तुम्हाला! सगळं घर गोळा झालं. समोरच्या काकूही आल्या. मुलानं आणि सुनेनं मला दोन्ही बाजूंनी उचललं, ओढलं नाही, आणि थेट उन्हात ठेवलं. मास्तर आले. आता त्यांना हात धरून आणावं लागतं. बसले, पाय पसरले, डोळे मिटले. सूनबाईनं तर पदर डोळ्यांना लावला.

थोड्या वेळानं मास्तरांनी एक डोळा उघडला.

"ऊन फार लागतंय रे. मला आपलं दाराशी न्या. तिथं वारा चांगला येतो, आणि माणसं दिसतात."

तर आता आम्ही दोघं पुन्हा दाराशी असतो. आमचे दिवस आता थोडेच. माझा एक पाय किडलाय, मास्तरांचे दोन्ही थकलेत. स्वयंपाकघर आणि आतली खोली अजून बँकेचीच. मास्तर तिकडे जाताना अजूनही "येतो हं" म्हणतात.

बाबांनो, घर जरूर घ्या. माझ्यासारख्या बाकालाही छप्पर लागतं, तुम्ही तर माणसं. फक्त सही करण्याआधी खडूचा एक तुकडा मागून घ्या, आणि समोरच्याला सांगा, रेघ मार. तो गुडघ्यांवर बसला की त्याच्या शिवणीकडे लक्ष ठेवा. उसवली तर इथं घेऊन या. मास्तर म्हणतात, उद्या नक्की देऊ.