पाणी सोडल्याची हाक

मित्रांनो, मी एक जुना रहाट आहे, वसईजवळच्या गिरीज गावातल्या, केळीच्या दोन वाड्यांमधल्या विहिरीवरचा. कुरकुरतो म्हणून हसू नका. सुताराने बाभळीच्या लाकडातून मला घडवलं, तेव्हापासून माझा सूर हा असाच! रेडा गोल फिरायचा, माझे मातीचे लोटे भरून वर यायचे आणि केळींना पाणी मिळायचं.

सकाळची पाळी एका वाडीतल्या रंभाची, दुपारची शेजारच्या वाडीतल्या आग्नेसची. पाळी संपली की शेवटचं पाणी दुसरीच्या पाटात सोडायचं आणि हाक मारायची, "पानी सोडलंय गो, ये!" हाक आल्याशिवाय दुसरीने विहिरीवर यायचं नाही, अशी रीतच होती. मग दोघी काठावर बसून गप्पा मारत. "रेड्यापरीस तुझी जीभ जास्त फिरते," आग्नेस म्हणायची, आणि रंभा तिच्यावर पाणी उडवायची. खरं सांगतो, त्या हसण्यासाठीच मी दिवसभर फिरत असे.

इंग्रज गेल्यावर काही वर्षांनी रंभाच्या नवऱ्याने, जगन्नाथने, स्वतःची विहीर खणून तेलावरचं इंजिन बसवलं. रंभाची माझ्याकडची पाळी संपली. शेवटच्या दिवशी तिने पाणी आग्नेसच्या पाटात सोडलं खरं, पण गळा असा दाटला की हाक काही निघेना. ती काठावर वाट बघत राहिली. "आज तरी आपनहून यावं की नाय हिनं?" ती मलाच म्हणाली.

तिकडे केळीत आग्नेस आपला रेडा धरून उभी. "पानी आलं, मग हाक कुठंय?" मला सगळं दिसत होतं. पण रंभाने आपला रेडा सोडलेला, आणि रेड्यावाचून मला साधं कुरकुरताही येत नाही हो!

तेवढ्यात जगन्नाथने इंजिन सुरू केलं आणि रंभाला बोलावलं. डोळे पुसत ती गेली. हाक येईना म्हणून शेवटी आग्नेस आली, तर काठ रिकामा. "न सांगता गेली. इंजिनवाली झाली ना आता!" असं म्हणून आग्नेस माझ्या खांबाला टेकून रडली. त्यानंतर रस्त्यात भेटल्या तरी दोघींच्या माना खाली.

तरीही आग्नेस रोज संध्याकाळी शेवटचं पाणी रंभाच्या कोरड्या पाटात सोडते आणि हाक मारते, "पानी सोडलंय गो, ये!" पलीकडच्या इंजिनाच्या धडधडीत ती कुणाला ऐकू जाणार? पाणी वाळूत जिरतं. मग मी रात्रभर एकटा.

मित्रांनो, माझे फुटके लोटे नाही बदललेत तरी चालेल. पण कुणाला सोडून जाताना गळा दाटला, तर फाटक्या आवाजात का होईना, हाक मारून जा. आणि आज संध्याकाळी, आग्नेस हाक मारायच्या आत, कुणीतरी जाऊन ते इंजिन घडीभर बंद करा.