पदराआडचं दुखणं

सोजराबाईला सुनेचं कौतुक होतं आणि त्याहून जास्त सुनेच्या पदराचं. कापूस वेचतानाही संजीवनीचा पदर ढळत नाही, हे ती वडनेरच्या बाजारात भेटेल त्या बाईला ऐकवायची. बायका मागं हसायच्या. हसेनात का, आपल्या घराला नाव ठेवायला जागा नाही, एवढं तिला पुरे होतं.

त्या पोरीला वेचणीच्या दिवसांत खोकला लागला. वेचणीला कोण खोकत नाही, म्हणून कुणी मनावर घेतलं नाही. मग हुडहुडी भरून ताप चढला आणि सोजराबाईनं तिला वामनराव डॉक्टरांकडे नेलं. मलकापूरला मोठे दवाखाने होते, पण तिथले पोरसवदा डॉक्टर बाईमाणसाला काय काय सोडायला लावतील कोण जाणे! वामनराव कसे, घरच्यासारखे. बाई तपासायची तर तिला भिंतीकडे तोंड करून बसवायचे आणि नळी पाठीला लावायचे, तीही पोलक्यावरून. साऱ्या गावाला या रीतीचा अभिमान होता. डॉक्टर म्हणजे देवमाणूस, असं सगळे म्हणत.

त्या दिवशीही संजीवनी भिंतीकडे तोंड करून बसली. वामनरावांनी पाठीवर दोन्हीकडे नळी लावली, लांब श्वास घ्यायला लावला.

"छाती साफ हाये, सोजराबाई. हवा बदलली, त्याचा ताप हाये. गोळ्या देतो."

तेवढ्यात संजीवनी वळली. "डॉक्टरसाहेब, मले इथं दुखते. श्वास घेतला का सुई टोचल्यावानी होते." तिनं हात उजव्या छातीखाली नेला होता.

वामनरावांनी नजर खाली घातली. आणि सोजराबाईनं काय करावं? तिनं सुनेचा हात तिथून उचलला, मांडीवर ठेवला आणि पदर ओढून नीट केला.

"लाज हाये का नाई वं तुले? पाठ दाखवली ना? झालं मंग."

संजीवनी पुन्हा भिंतीकडे वळली. सासूच्या शब्दाबाहेर जाणारी ती नव्हतीच, आणि तिथंच तिचा घात झाला.

गोळ्यांनी ताप उतरायचा आणि परत चढायचा. पुन्हा वामनराव, पुन्हा भिंत, पुन्हा छाती साफ. घरी ती उजव्या कुशीवर अंग मुडपून पडायची. सोजराबाई तिला काढा पाजायची, सासू असून तिचे पाय चेपायची. माया नव्हती असं कुणी म्हणू नये. मायेला अक्कल नव्हती, एवढंच. एके सकाळी संजीवनी चुलीपाशी बसल्या बसल्या भलतंसलतं बोलायला लागली, ओठ निळे पडले. तिचा नवरा सागर, त्यानं आईला विचारलं नाही. शेजाऱ्याची गाडी आणली आणि तिला उचलून मलकापूरला नेलं. सोजराबाईही गाडीत चढून बसली.

तिथं सुचिता नावाच्या डॉक्टरीणबाई होत्या. त्यांनी पडदा ओढला, पदर बाजूला केला, पोलकं सोडलं आणि उजव्या स्तनाखाली नळी ठेवली. ती तिथंच बराच वेळ राहिली. मग एक्स-रे काढला. त्यात काळजाच्या उजव्या कडेला लागून पांढरा डाग होता. कड त्यात पार बुडून गेली होती.

"न्यूमोनिया आहे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "उजव्या फुप्फुसाचे तीन भाग असतात, त्यातल्या मधल्या भागात. तो पुढच्या बाजूला असतो, छातीखाली. नुसत्या पाठीवरून ऐकलं तर हाती लागत नाही. आता विष रक्तात गेलंय. इथं दुखतंय असं तिनं कुणाला सांगितलं नव्हतं?"

सागरनं आईकडे पाहिलं.

"नाई जी," सोजराबाई म्हणाली. "काईच बोलली नाई ते."

खाटेवर ऑक्सिजन लावलेली संजीवनी उघड्या डोळ्यांनी ऐकत होती. तेव्हाही तिनं सासूला खोटं पाडलं नाही.

औषधं चालली, सुया चालल्या, पण वेळ निघून गेली होती. दुसऱ्या दिवशी संजीवनी गेली.

अंगणात बायकांनी लुगड्यांचा आडोसा धरला आणि तिला आंघोळ घातली. भावकीतली म्हातारी जनकाबाई पाणी ओतत होती. सोजराबाई हळद लावायला बसली. तिचा हात गळ्यावरून खाली आला आणि उजव्या छातीखाली जाऊन थांबला. ते अंग आता गार होतं. तिला भडभडून आलं.

"इथं दुखे तिले," ती म्हणाली. "बोलली होती ते. हात ठेवून दाखवलं होतं माय पोरीनं. म्याच तिचा हात काढला वं, जनकाबाई! म्याच काढला!"

आडोशापलीकडे सागर उभा होता. त्याला शब्द न् शब्द ऐकू गेला. सोजराबाईला लुगड्यांखालून त्याचे पाय दिसत होते. ते वळले आणि फाटकाकडे निघून गेले.

बायकांनी हिरवं लुगडं नेसवलं, कुंकू लावलं.

"पदर घे तिच्या डोक्यावर," जनकाबाई हळूच म्हणाली. "माणसं थांबली हायेत."

सोजराबाईनं पदर हातात घेतला, ओढला आणि नीट केला, त्या दिवशी दवाखान्यात केला होता तसाच. मग तिच्या हातून तो सुटेना. बायकांना तिची बोटं एकेक करून सोडवावी लागली.