आधी ताताकी म्हणा

पेंढा पेटला तेव्हा हात्सुए मांसात सळ्या खोचून तयारच होती. भाताच्या पेंढ्याचा जाळ पुरुषभर उठतो आणि बघता बघता बसतो. तेवढ्यात जमलं तर जमलं. जपानातल्या तोसाच्या त्या किनाऱ्यावर आजवर असल्या जाळावर कात्सुओ मासाच भाजला गेला होता. आज तिच्या हातात तांबड्या गोऱ्ह्याच्या मांडीचा लांबट तुकडा होता.

"डोकं फिरलंय का तुझं?" तिचे थोरले दीर इवाओ अंगणातूनच ओरडले. "सणाच्या थाळीत ताताकी म्हणजे मासा! आजोबांच्या आजोबांपासून मासा!"

"मग आणा की मासा, दादा. तुमच्याच होड्या रिकाम्या आल्या ना?"

"शहरातून बर्फातला मागवला असता."

"किनाऱ्यावर राहून बर्फातला मासा! देवळातला देवसुद्धा हसला असता."

शेजारची नोबूताई तोंडावर हात ठेवून फिसकन हसली. इवाओंचे कान लाल झाले. गावजेवणाची मोठी थाळी दरवर्षी हात्सुएच मांडायची. आजची थाळी उष्टी परत आली, तर पुढच्या वर्षापासून ती इवाओंच्या सुनेकडे, असं त्यांनी चारचौघांत बजावलं होतं. पण हात्सुएला थाळीची फिकीर नव्हती. तिचा नवरा शिगेनोरी मासेमारांच्या घरात जन्मून डोंगरावर गुरं पाळायचा. तीस वर्षं भाऊ त्याला 'गुराखी' म्हणत आला, आणि सणाच्या पंगतीत त्याच्यासमोर कधी दारूचा पेला धरला नाही. वसंतात शिगेनोरी गेला. सातव्या दिवशी इवाओ म्हणाले, गुरं विकून टाक. हात्सुएने विकली नाहीत. हा गोऱ्हा त्यातलाच होता, आणि ही थाळी तिला नवऱ्याच्या नावाने वाढायची होती.

मांस चहूबाजूंनी काळपट झालं. आत मात्र लालच राहायला हवं होतं. तिने सळ्या उचलल्या, तोच इवाओंनी बर्फाच्या पाण्याची बादली पुढे सरकवली.

"यात बुडव. शहरातले आचारी असंच करतात."

हात्सुएने पायाने बादली कलंडवली. "चव धुऊन काढायची असेल तर तुमचे मोजे धुवा त्यात."

गरम मांसावर तिने जाडं मीठ भुरभुरलं आणि तळहाताने थोपटायला लागली. ताताकी म्हणजे मासा नव्हे, ताताकी म्हणजे हे थोपटणं. खुद्द इवाओंच्या आईने तिला ते शिकवलं होतं: बाळाला निजवतात तसं, पण बाळ उठणार नाही इतपत जोराने. मग युझू लिंबाचा रस आणि सोया सॉस. त्यात काल रात्रीपासून समुद्री पाला आणि सुक्या कात्सुओचा कीस मुरत होता.

"बघा दादा, तुमचा मासा यात आहेच. खाली, रसात."

तासाभराने तिने मांसाचे बोटभर जाड काप केले, वर लसूण आणि पातीचा कांदा पेरला आणि थाळी दिवाणखान्यात नेली. चाळीस माणसं, आणि एकाचीही जेवणाची काडी हलेना. सगळे इवाओंच्या तोंडाकडे बघत होते. शेवटी त्यांनी चेहरा पाडून एक काप उचलला. चावला. थांबले. दुसरा उचलला. पाचव्या कापाला त्यांना पंगतीचं भान उरलं नाही, आणि मग चाळीस जोड काड्या थाळीवर तुटून पडल्या.

थाळी रिकामी झाली. इवाओंनी आपला पेला रिकामा केला, भरला आणि सगळ्यांदेखत हात्सुएपुढे धरला. तिथली रीतच अशी: पुढे आलेला पेला प्यायचा आणि भरून परत द्यायचा. नाकारायचा नसतो.

सुंभ जळला तरी पीळ जळत नाही. हात्सुएने पेला हातात घेतला आणि ओठाला लावलाच नाही.

"काय खाल्लंत, दादा?"

"मांस. चांगलं होतं. पी आता."

"काय खाल्लंत?"

इवाओंनी रिकाम्या थाळीकडे पाहिलं, मग हात्सुएच्या मिठाने लाल झालेल्या तळहाताकडे.

"ताताकी," ते पुटपुटले.

"कुणाच्या गोठ्यातली?"

इवाओंनी हातातल्या काड्या खाली ठेवल्या.

"शिगेनोरीच्या," इवाओ म्हणाले. "माझ्या भावाच्या."

हात्सुएने एका दमात पेला संपवला, काठोकाठ भरला आणि त्यांच्या हातात दिला.

"हा त्याचा. घ्या."