गार इंजिन

नुनिकने सात नंबरच्या मशीनवरचा बसचा गेम निवडला, ‘हलवा’ या बटणावर बाण नेला आणि दाबायच्या आधी एकदा दाराकडे पाहिलं. बापक, म्हणजे तिचे वडील, मशिदीतून यायला अजून पाऊण तास होता. तिने बटण दाबलं. पडद्यावर एक हिरवी पट्टी उमटली आणि तिच्याखाली अक्षरं आली : बावीस मिनिटं उरली.

शुक्रवारी या वेळी वोनोगिरीतले सगळे पुरुष एकतर नमाजाला गेलेले असतात, नाहीतर नमाजाला गेले असं सांगून दुसरीकडे गेलेले असतात. घराला लागून असलेल्या तिच्या नेटकॅफेतली मशीनं रिकामी सापडण्याची आठवड्यातली ही एकच संधी. मागच्या दोन शुक्रवारी नुनिकने दहा मशीनांवरचे गेम जुन्या, घरघरणाऱ्या डिस्कवरून नव्या वेगवान डिस्कवर हलवले होते. सात नंबर मुद्दाम शेवटी ठेवला होता. तिथे बापक बसत.

तीन नंबरवर बू तातिक रंगीत खडे जुळवत होत्या. समोरची भातगिरणी त्यांची. नमाजासाठी गिरणी थांबली की त्या इकडे येत आणि मुकादमाला ओरडायचं राहिलेलं मशीनला ओरडत.

"झालं का?" त्यांनी पडद्यावरून नजर न हटवता विचारलं.

"बावीस मिनिटं."

"मघाशीही बावीसच म्हणालीस."

"ते असंच सांगतं. त्याला घाई नसते."

"मग एवढी नवी डिस्क आणून घाई कुणाला आहे? तुलाच."

घाई तिलाच होती, आणि तिला कारण होतं. जुन्या डिस्कवरून बापकचा गेम उघडायला सात मिनिटं लागत. अख्खं जावा बेट त्यात होतं. हौशी पोरांनी रस्तान् रस्ता, पूल, पेट्रोल पंप, मशिदी सगळं बनवून घातलं होतं आणि त्या सगळ्यांना घरघरत वर यायला वेळ लागे. तोवर बापक एका स्थिर चित्रासमोर बसून असत. खिशातून फडकं काढून पडदा पुसत. खुर्ची पुढे घेत, मागे घेत. कॉफीतला गाळ खाली बसू देत. ओठातल्या ओठात दुआ म्हणत. दिवसाच्या तीन फेऱ्या धरल्या तर एकवीस मिनिटं. एकाहत्तर वर्षांच्या माणसाने रोज एकवीस मिनिटं एका पट्टीकडे बघत घालवावी, हे काउंटरवर बसून बघणाऱ्या मुलीला सहन होत नव्हतं.

बापकनी, म्हणजे गावाच्या पाक सारवोनोंनी, एकतीस वर्षं वोनोगिरी–जकार्ता बस चालवली होती. निवृत्त झाल्यावर घरची जुनी डिझेल गाडी चालवली. मग डाव्या डोळ्यात काचबिंदू निघाला आणि डॉक्टरांनी नुनिकला बाजूला घेऊन सांगितलं, यांना स्टिअरिंगला हात लावू देऊ नका. म्हणजे आता हे बापकना नुनिकने सांगायचं होतं. तिने सांगितलंही. जेवताना ती म्हणाली, "हल्ली रस्त्यावर धूळ फार असते, बापक."

"असते," बापक म्हणाले.

याहून स्पष्ट बोलायची त्या घरात पद्धत नव्हती.

पुढच्याच आठवड्यात गिरणीच्या वळणावर एक सायकल गाडीखाली आली. सायकल बू तातिकच्या नातीची, रेनीची. पोरगी नऊ वर्षांची. वेळेवर भातखाचरात उडी मारली म्हणून नुसती चिखलाने माखली. डावीकडून आली, मला दिसली नाही, असं बापक म्हणाले आणि दोन दिवस जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी बू तातिक तळलेल्या केळ्यांची ताटली घेऊन आल्या, हवेबद्दल बोलल्या आणि गेल्या. सायकलचा विषय आजतागायत कुणी काढलेला नाही.

गाडीची किल्लीही कुणी लपवली नाही. फ्रिजशेजारच्या खिळ्याला ती होती तिथेच राहिली. लपवणं म्हणजे सांगणंच झालं असतं. फक्त बॅटरी मरू नये म्हणून दर शनिवारी नुनिक पाच मिनिटं इंजिन चालू करून ठेवी, आणि तेवढा वेळ बापक अंगणाच्या दुसऱ्या टोकाला काहीतरी शोधत.

त्याच सुमारास तिने त्यांना सात नंबरवर बसवलं होतं. "या पोरांनी जकार्ताचा रस्ता बनवलाय. बरोबर आहे का, जरा बघून देता का?" बापकनी चष्मा लावला. गेले सहा महिने ते बघून देत होते. चुकांची तिसरी वही चालू होती. गेममधल्या बसमध्ये माणसं असत, पण ती पडत नसत, आणि रस्त्यावर सायकली नव्हत्याच.

हिरवी पट्टी भरली. नुनिकने गेम एकदा उघडून पाहिला आणि बंद केला. आठ सेकंद. तिला स्वतःलाच हसू आलं.

बापक लुंगी सावरत आले. काळी टोपी खुंटीला लावली, गळ्यात टॉवेल टाकला, सात नंबरवर बसले आणि बटण दाबून फडकं बाहेर काढलं. अर्धा पडदा पुसून व्हायचा होता, तोच वोनोगिरीचा स्टँड समोर उभा राहिला. बस चालू, माणसं आत बसलेली, वायपरसुद्धा हलतायत.

बापकचा हात पडद्यावर तसाच राहिला.

"हे काय?"

"फास्ट झालं, बापक. नवीन डिस्क घातली."

"कॉफी?"

"आणते की."

"तसं नाही. प्यायची कधी?"

बापकनी फडक्याची घडी घातली, उलगडली, परत घातली. पडद्यावरच्या बसकडे त्यांनी असं पाहिलं, जशी ती रात्री कुणा वेगळ्याच ड्रायव्हरने वापरून आणून लावली असावी.

"इंजिन गार आहे," ते म्हणाले.

"गेममधलं इंजिन आहे, बापक."

"इंजिनच ना?"

"बरंय की, पाक," तीन नंबरवरून बू तातिक म्हणाल्या. "आता जकार्ता लवकर येईल."

"लवकर येऊन काय करायचंय, बू? तिथे कोण वाट बघतंय माझी?"

"मग माणसांना तरी बरं. चाळीस जणं तुमची कॉफी संपायची वाट बघत बसायची."

"बसतात. गार इंजिनाने घाटात अडकलं तर रात्रभर बसावं लागतं, हे त्यांना माहीत असतं."

तरी त्यांनी बस काढली. स्टँडबाहेर आणली, पुलापर्यंत नेली, दोनदा गिअर बदलला. मग डावीकडे घेऊन थांबवली, हँडब्रेक लावला, मागचे पिवळे दिवे लुकलुकत ठेवले, आणि उठले. भर रस्त्यात गाडी टाकून एकतीस वर्षांत ते कधी उठले नव्हते.

"ओढत नाही," ते म्हणाले आणि आत गेले.

थोड्या वेळाने ते बाहेर आले. दारातल्या गिऱ्हाइकांच्या चपला त्यांनी एका ओळीत लावल्या. गिऱ्हाइकं आता एकेक करून येऊ लागली होती. त्यांच्या चपला त्यांनी पायातून निघताक्षणी ओळीत घेतल्या. पंख्याची दोरी ओढून पाहिली. काउंटरचा हलणारा पाय दाबून पाहिला, तो हललाच. कॉफी उभ्यानेच प्यायले, गाळासकट. मग पुन्हा आत गेले, तिथून न्हाणीघराच्या नळाचा आवाज आला, बंद झाला, पुन्हा आला.

"त्यांना बसव कुठेतरी," बू तातिक म्हणाल्या. "मला खडे दिसेनासे झालेत."

"बसतील."

"माझे हे गिरणीत पट्टा तुटला की असे फिरतात. पट्टा बसला की बसतात."

नुनिक सात नंबरवर जाऊन बसली. पुलाजवळ बस दिवे लुकलुकवत उभी होती. तिने गेम बंद केला, यादी उघडली, बसचा गेम निवडला आणि पुन्हा ‘हलवा’वर बाण नेला. कुठे, असं मशीनने विचारलं. तिने जुनी डिस्क निवडली. मशीनने विचारलं, ही डिस्क संथ आहे, नक्की? या मशीनला माणसापेक्षा स्पष्ट बोलायची सवय होती.

तिने बोट उचललं, आणि दाबायच्या आतच घरामागून डिझेल इंजिनाचा आवाज आला.

एकदा खोकून बंद पडलं. मग लागलं.

शनिवार नव्हता. नुनिकचं बोट हवेतच राहिलं. बू तातिकनी आपला डाव अर्धा टाकला आणि उठल्या. पर्स काखेत मारली.

"भात वाळत घातलंय रस्त्यावर," त्या म्हणाल्या, "बघून येते."

त्या दाराबाहेर पडल्या आणि गिरणीकडे न वळता उजवीकडे, शाळेच्या दिशेने, झपाझप चालू लागल्या. शाळा सुटायला पाच मिनिटं होती.

नुनिक घरातून धावत मागे गेली. फ्रिजशेजारचा खिळा मोकळा होता. अंगणात गाडी गदगदत उभी होती, तोंड फाटकाकडे, आणि फाटक उघडं होतं. सकाळी तिनेच उघडलं होतं. बापक ड्रायव्हरच्या जागी बसले होते. गळ्यात टॉवेल, दोन्ही हात स्टिअरिंगवर, नजर समोर. काच खाली केलेली.

फाटक लावलं तर त्यांच्या तोंडावर लावल्यासारखं होणार होतं. लावलं नाही तर वळणावर शाळेतून सुटलेली पोरं येणार होती.

तिने भिंतीला टेकवलेला खराटा उचलला आणि फाटकाच्या बरोबर मधोमध उभी राहून झाडायला लागली.

बापक बघत होते. इंजिन घुमत होतं. खराट्याचे फटकारे कोरड्या सिमेंटवर एकामागून एक पडत होते आणि त्यांच्यापुढे काहीच सरकत नव्हतं.

"सकाळी झाडलं नव्हतंस का?" बापकनी खिडकीतून विचारलं.

"झाडलं होतं."

"मग?"

"पानं पडली परत."

बापकनी अंगणाकडे पाहिलं. त्या अंगणात झाड नव्हतं.

"बरं," ते म्हणाले. "झाड."

ती झाडत राहिली. फाटकाच्या एका खांबापासून दुसऱ्यापर्यंत, आणि परत. दूर शाळेची घंटा झाली. पोरांचा गलका आधी एकदम उठला आणि मग रस्त्याने पसरत, इकडे यायला लागला. तिने मान वर केली नाही. मान वर केली तर काहीतरी म्हणावं लागलं असतं, आणि जे म्हणायचं होतं ते त्यांच्या भाषेत वडिलांना म्हणता येण्यासारखं वाक्य तिला सहा महिन्यांत सापडलं नव्हतं. गाडीचा आवाज वाढला. तिने खराटा दोन्ही हातांनी धरला. आवाज उतरला. पुन्हा वाढला, पुन्हा उतरला. पायाने जोखून, हळूहळू.

दोन सायकली घंटी वाजवत तिच्या पाठीमागून गेल्या. आणखी एक गेली.

मग इंजिन बंद झालं. एकदम इतकं शांत झालं की तिला स्वतःच्याच खराट्याचा आवाज मोठा वाटला आणि ती थांबली.

बापक खाली उतरले. दार न आपटता लावलं, टॉवेलने कपाळ पुसलं. चेहरा बराच निवळला होता.

"आता काटा वर आला," ते म्हणाले. "गार इंजिनाने कुणी निघतं का कुठे."

"नाही, बापक."

"उशीर झाला. माणसं बसलीयत."

ते घरात गेले. जाताना फ्रिजपाशी किल्ली खिळ्याला लागल्याचा बारीक आवाज झाला. नुनिकने खराटा भिंतीला टेकवला, परत घेतला, आणि उरलेलं अंगणही झाडलं.

बू तातिक फाटकात आल्या तेव्हा त्यांना धाप लागली होती. पाठीवर दप्तर लावलेल्या रेनीचा पंजा त्यांनी इतका घट्ट धरला होता की पोरगी तिरकी चालत होती.

"आजी, दुखतंय."

"गप," बू तातिक म्हणाल्या, आणि नुनिकला, आवाज खाली आणून : "गेले?"

"गेले."

"अगं, कुठे?"

गाडी त्यांच्यासमोरच उभी होती. बू तातिकनी ती आत्ता पाहिली. नुनिकने मागच्या दारातून आत नजर टाकली. सात नंबरसमोर बापकची पाठ होती. खांदे वळणाबरोबर किंचित डावीकडे झुकले, मग सरळ झाले.

"जकार्ताच्या रस्त्याला, सोलोच्या पुढे असतील आता," ती म्हणाली.

बू तातिक बराच वेळ त्या पाठीकडे बघत राहिल्या. मग त्यांनी रेनीचा हात सोडला.